डॉ. श्रीराम लागू : नटाचा अभ्यास कसा करावा?

नाटक या वाङ्मयप्रकाराचा विचार आपण आतापर्यंत मुख्यतः संहितेच्या अंगाने केला. कथानक, संघर्ष, संवाद, पात्रचित्रण या संज्ञांशी आपला परिचय झाला आहे. या सर्व गोष्टी पुस्तकाच्या पानावर सापडतात; पान उलटून पुन्हा पाहता येतात. परंतु नाटक पानावर पुरे होत नाही. ते नटाच्या शरीरातून आणि आवाजातून प्रेक्षकांसमोर उभे राहते आणि पडदा पडताच नाहीसे होते. मग जे नाहीसे झाले त्याचा अभ्यास कसा करायचा? हा प्रश्न वाटतो तितका सोपा नाही. त्याचे उत्तर शोधण्यासाठी येथे आपण एका नटाची कारकीर्द निवडली आहे. पुण्यात घडलेले, पुण्यातच अखेरचा श्वास घेतलेले डॉ. श्रीराम लागू यांची ती कारकीर्द आहे. त्यांनी रंगभूमी आणि चित्रपट ही दोन्ही माध्यमे दीर्घकाळ हाताळली, नाटके दिग्दर्शित केली आणि 'लमाण' हे आत्मचरित्र लिहून ठेवले. त्यामुळे नाहीसे झालेल्या प्रयोगांचे काही माग तरी आपल्या हाती उरले आहेत.

वैद्यक आणि हौशी रंगभूमी

डॉ. लागू यांचा जन्म १६ नोव्हेंबर १९२७ रोजी सातारा येथे झाला. त्यांचे शिक्षण पुण्यात भावे हायस्कूल, फर्ग्युसन महाविद्यालय आणि बी. जे. वैद्यकीय महाविद्यालय येथे झाले. कान, नाक व घसा यांची शस्त्रक्रिया हा त्यांचा विशेष विषय होता. पुण्यात त्यांनी वैद्यकीय व्यवसाय केला, पुढील प्रशिक्षणासाठी ते कॅनडा व इंग्लंड येथे गेले आणि पूर्व आफ्रिकेतील टांझानियात टाबोरा येथेही त्यांनी शल्यविशारद म्हणून काम केले.

नाटकाचा नाद मात्र वैद्यकाच्या शिक्षणापासूनच होता. भालबा केळकर यांच्या पुढाकाराने पुण्यात 'प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन' ही संस्था उभी राहिली. पुणेकर तिला 'पीडीए' या नावाने ओळखतात. डॉ. लागू या संस्थेतील प्रमुख कलावंतांपैकी एक होते. वसंत कानेटकर यांचे 'वेड्याचं घर उन्हात' हे नाटक याच संस्थेने रंगमंचावर आणले आणि त्यातील डॉ. लागू यांच्या कामाची नोंद जाणकारांनी घेतली.

येथे 'हौशी' या शब्दाचा अर्थ नीट लक्षात घ्यावा. दैनंदिन व्यवहारात आपण 'हौशी' म्हणजे कच्चा, अर्धवट असे समजतो. पुण्याच्या रंगभूमीच्या संदर्भात तो अर्थ लागू पडत नाही. येथे नाटक करणारी माणसे दिवसा डॉक्टर, प्राध्यापक, कारकून, विद्यार्थी असत आणि संध्याकाळी तालमीला जमत. उपजीविका नाटकावर अवलंबून नसल्यामुळे तिकीटबारीची भीती कमी होती. म्हणून अवघड नाटके हाती घेता येत. भरत नाट्य मंदिरासारखी वास्तू, १९६३ पासून सुरू झालेली महाविद्यालयीन 'पुरुषोत्तम करंडक' स्पर्धा, पुढे १९६८ मध्ये बांधून झालेले बालगंधर्व रंगमंदिर अशी या शहराची नाट्यभूमी होती. ज्या पीडीएत डॉ. लागू वाढले त्याच पीडीएने १९७२ च्या डिसेंबरात 'घाशीराम कोतवाल' रंगमंचावर आणले आणि त्या वादातून 'थिएटर अकॅडमी' जन्माला आली, हेही आपण जाणताच. नोकरी सांभाळून हा अभ्यासक्रम पूर्ण करणाऱ्या आपल्यापैकी अनेकांना दिवस आणि संध्याकाळ यांची ही विभागणी वेगळी समजावून सांगावी लागणार नाही.

१९६९ साली, वयाच्या बेचाळिशीत, डॉ. लागू यांनी वैद्यक सोडून पूर्णवेळ नट होण्याचा निर्णय घेतला. कानेटकरांच्याच 'इथे ओशाळला मृत्यू' या नाटकापासून त्यांच्या व्यावसायिक कारकिर्दीचा आरंभ झाला. या निर्णयाचे वर्णन अनेकदा 'कलेसाठी केलेला त्याग' असे केले जाते. हा शब्द मला पुरेसा वाटत नाही. हौशी रंगभूमीने दिलेली निवडीची मुभा व्यावसायिक रंगभूमीवर आपोआप मिळत नाही. तेथे एकच प्रयोग शेकडो वेळा करावा लागतो, दौरे करावे लागतात, निर्मात्याचा हिशेब सांभाळावा लागतो. डॉ. लागू यांनी ही किंमत ओळखून पाऊल उचलले असावे, असे त्यांच्या पुढील वाटचालीवरून दिसते. कारण व्यावसायिक नाटक आणि प्रायोगिक नाटक यांपैकी एकही त्यांनी सोडले नाही.

'नटसम्राट' : संहिता आणि शरीर

वि. वा. शिरवाडकर यांचे 'नटसम्राट' हे नाटक डिसेंबर १९७० मध्ये रंगभूमीवर आले. निर्मिती गोवा हिंदू असोसिएशनची, दिग्दर्शन पुरुषोत्तम दारव्हेकर यांचे. गणपतराव बेलवलकर ही प्रमुख भूमिका डॉ. लागू यांची, तर त्यांच्या पत्नीची, कावेरीची, भूमिका शांता जोग यांची होती. निवृत्त झालेला थोर नट आपली मिळकत मुलांना वाटून टाकतो आणि त्यानंतर घरोघरी नकोसा होत जातो, असे या नाटकाचे सूत्र आहे. शेक्सपिअरच्या 'किंग लिअर'शी त्याचे नाते उघड आहे. मात्र लिअर राजा आहे आणि बेलवलकर राजाच्या भूमिका करणारा माणूस आहे, हा फरक मूलभूत आहे. लिअरने खरे राज्य गमावले. बेलवलकरांकडे खरे राज्य कधी नव्हतेच. त्यांच्याकडे होते ते शब्दांचे राज्य, तेही इतरांनी लिहिलेल्या शब्दांचे.

या भूमिकेची अडचण पाहा. नटाने एका नटाची भूमिका करायची आहे. बेलवलकर बोलताना मध्येच जुन्या नाटकांतील भूमिकांत शिरतात. त्यांची वाणी घरगुती बोलीतून भारदस्त पल्लेदार भाषेत जाते आणि पुन्हा खाली येते. सरसकट पल्लेदार बोलले तर पात्र खोटे वाटते. सरसकट घरगुती बोलले तर नटसम्राटाचे सम्राटपण उरत नाही. त्याशिवाय म्हातारपण दाखवायचे आहे आणि त्या वेळी डॉ. लागू अवघे त्रेचाळीस वर्षांचे होते. त्यांची मूळ अभिनयशैली संयत होती. आवाजातील चढउतार अर्थाला धरून, वाक्यातील विराम नेमके. अशा नटाला शिरवाडकरांच्या काव्यमय स्वगतांसमोर उभे केल्यावर एक विलक्षण ताण तयार झाला : भाषा उसळून वर जाऊ पाहते आणि नट तिला अर्थाच्या दोराने खाली धरून ठेवतो. माझ्या मते या प्रयोगाच्या प्रभावाचे मर्म या ताणात आहे. केवळ आवाजाच्या ताकदीत ते नाही.

डॉ. लागू घशाचे तज्ज्ञ होते, म्हणून त्यांना आवाज उत्तम वापरता आला, असेही विधान कधीकधी ऐकू येते. हा योगायोग मोहात पाडणारा आहे, पण त्यावर फार भार टाकू नये. स्वरयंत्राची रचना ठाऊक असणे वेगळे आणि वाक्यातील कोणत्या शब्दावर श्वास सोडायचा हे ठाऊक असणे वेगळे. दुसरी गोष्ट तालमीतच कळते.

'नटसम्राट' या नाटकाला १९७४ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. पुढे दत्ता भट, यशवंत दत्त आदी नटांनी ही भूमिका केली, तर २०१६ मध्ये महेश मांजरेकर यांच्या चित्रपटात नाना पाटेकर यांनी ती साकारली. एकच संहिता वेगवेगळ्या शरीरांतून गेली की तिचा अर्थही हलतो. आपण 'नटसम्राट' वाचता तेव्हा मनात कोणाचा आवाज उमटतो, याकडे जरा लक्ष द्या. बहुतेक वाचकांच्या मनात कोणाचा तरी आवाज उमटतोच. आणि तो आवाज आपल्या अर्थनिर्णयात नकळत सहभागी झालेला असतो.

आपली प्रगती तपासा

'नटसम्राट'मधील कोणतेही एक स्वगत निवडा. ते एकदा मोठ्याने, नाटकी ढंगात वाचा. नंतर तेच शेजाऱ्याशी बोलावे तसे वाचा. दोन्ही वाचनांत कोणत्या वाक्यांचा अर्थ टिकतो आणि कोणत्या वाक्यांचा बदलतो, ते आठ-दहा ओळींत लिहा.

कॅमेऱ्यासमोर

१९७२ मध्ये व्ही. शांताराम यांचा 'पिंजरा' प्रदर्शित झाला आणि डॉ. लागू चित्रपटाच्या प्रेक्षकांपर्यंत पोहोचले. ज्या प्रभात फिल्म कंपनीने १९३३ मध्ये कोल्हापुराहून पुण्यात येऊन मराठी चित्रपटाला प्रतिष्ठा मिळवून दिली, तिच्या संस्थापकांपैकी शांताराम एक होते; हा धागाही पुण्याशी जोडलेला आहे. 'पिंजरा'चे मूळ १९३० च्या 'द ब्लू एंजल' या जर्मन चित्रपटात आणि त्याही मागे हाइनरिश मान यांच्या कादंबरीत आहे. जर्मन कथेतील शिस्तप्रिय अध्यापक गायिकेच्या मोहात पडून केवळ हास्यास्पद होतो. मराठी रूपांतराने त्यात एक नवी कळ घातली. गावाने देव मानलेला मास्तर तमाशातील स्त्रीच्या ओढीने कोसळतो. पण दुसऱ्याच माणसाचे प्रेत मास्तराचे समजून गाव त्याचा पुतळा उभारते. जिवंत मास्तर तमाशाच्या फडात नोकरासारखा राबतो आणि अखेर स्वतःच्याच खुनाच्या आरोपाखाली उभा राहतो. आपण जिवंत आहोत हे सांगितले तर जीव वाचेल, पण गावाचा आदर्श मोडेल. तो गप्प राहतो.

हे 'गप्प राहणे' अभिनयाच्या दृष्टीने पाहण्यासारखे आहे. रंगमंचावर शेवटच्या रांगेतील प्रेक्षकापर्यंत पोहोचण्यासाठी नटाला आवाज व हालचाल यांचा विस्तार करावा लागतो. कॅमेरा चेहऱ्याजवळ येतो, तेव्हा तोच विस्तार भडक ठरतो. 'पिंजरा'ची शांतारामी मांडणी रंगांनी, नृत्यांनी, संगीताने भरलेली आहे. त्या गजबजाटात मास्तराचा उत्तरार्धातील चेहरा जवळजवळ रिकामा होत जातो. काही प्रसंगी डॉ. लागू यांच्या बोलण्यात रंगभूमीची सवय डोकावते, हेही प्रामाणिकपणे नोंदवले पाहिजे. विशेषतः गावकऱ्यांना उपदेश करतानाच्या दृश्यांत. पण तेथे ती खटकत नाही, कारण मास्तर हा स्वतःच एका अर्थी गावासमोर भूमिका वठवणारा माणूस आहे.

'सामना' हा चित्रपट याहून वेगळ्या जातीचा. लेखन विजय तेंडुलकर यांचे, दिग्दर्शन जब्बार पटेल यांचे. १९७५ मध्ये हा चित्रपट बर्लिनच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात स्पर्धेत होता. साखर कारखान्याच्या जोरावर गावावर सत्ता गाजवणारा हिंदुराव धोंडे पाटील आणि कोठून तरी भटकत आलेला, दारूच्या आहारी गेलेला, एके काळचा स्वातंत्र्यसैनिक मास्तर या दोघांचा हा सामना आहे. हिंदुराव निळू फुले यांनी केला आणि मास्तर डॉ. लागू यांनी. मारुती कांबळे नावाच्या गरीब माणसाचे पुढे काय झाले, एवढाच प्रश्न मास्तर विचारत राहतो. त्या एका प्रश्नाने पाटलाची सत्ता आतून पोखरली जाते.

दोन नटांच्या पद्धती एकत्र पाहण्यासाठी याहून चांगला पाठ मिळणार नाही. निळू फुले राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकातून आणि लोकनाट्यातून आलेले. प्रेक्षकांशी थेट बोलण्याची, शब्द तोंडात घोळवून सोडण्याची त्यांची रीत. डॉ. लागू शहरी, सुशिक्षित हौशी रंगभूमीतून आलेले. दोघेही पुण्याचेच म्हणता येतील, पण दोन वेगळ्या पुण्यांतून आलेले. चित्रपटात मात्र ही विभागणी मौजेने उलटते : पाटील सावध, मोजके, हळू बोलतो आणि मास्तर पाल्हाळ लावतो, हसतो, भरकटतो. सत्ताधारी माणूस शांत राहू शकतो, कारण त्याला ऐकून घेणारे आयतेच हजर असतात. सत्ता नसलेल्याला बोलत राहावे लागते. नटांनी संवादांच्या गतीमधून हे सामाजिक सत्य दाखवले आहे. याच चमूचा पुढचा चित्रपट 'सिंहासन' (१९७९) अरुण साधू यांच्या 'मुंबई दिनांक' व 'सिंहासन' या कादंबऱ्यांवर आधारलेला आहे. त्यात डॉ. लागू मुख्यमंत्रिपदावर डोळा ठेवणारे अर्थमंत्री विश्वासराव दाभाडे झाले. प्रश्न विचारणारा मास्तर आणि डाव खेळणारा मंत्री, अशा दोन्ही बाजू त्यांनी चारपाच वर्षांच्या अंतराने रंगवल्या.

हिंदी चित्रपटसृष्टीत त्यांनी विपुल काम केले. त्यातील पुष्कळसे वडील, न्यायाधीश, डॉक्टर, श्रीमंत उद्योजक अशा ठरीव साच्याचे होते आणि त्यावर येथे वेळ खर्चण्याचे कारण नाही. तीन अपवाद मात्र आवर्जून पाहावेत. भीमसेन यांच्या 'घरौंदा' (१९७७) मध्ये त्यांनी वयस्क, हृदयविकाराने ग्रासलेल्या मालकाची भूमिका केली. तरुण प्रियकर-प्रेयसी या मालकाच्या मृत्यूवर आपल्या घराची आशा बांधतात. कथेच्या रचनेनुसार तो अडसर आहे. परंतु पाहता पाहता आपली सहानुभूती त्याच्याकडे वळते. या भूमिकेसाठी त्यांना सहायक अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. रिचर्ड ॲटनबरो यांच्या 'गांधी' (१९८२) मध्ये ते गोपाळ कृष्ण गोखले झाले. भूमिका लहान, पण फर्ग्युसनच्या या विद्यार्थ्याने फर्ग्युसनमध्येच शिकवलेल्या गोखल्यांना उभे करावे, यात एक औचित्य आहे. तिसरा चित्रपट मृणाल सेन यांचा 'एक दिन अचानक' (१९८९). पावसाच्या एका संध्याकाळी एक प्राध्यापक घराबाहेर पडतो आणि परत येत नाही. उरलेला चित्रपट त्याच्या बायकामुलांच्या आठवणींतून त्याला शोधत राहतो. पडद्यावर थोडाच वेळ असलेल्या नटाने संपूर्ण चित्रपटभर आपली अनुपस्थिती जाणवून द्यायची, असे हे काम आहे.

विचार करणारा नट

डॉ. लागू निरीश्वरवादी होते आणि ते त्यांनी लपवले नाही. देवाला आता निवृत्त करावे, अशा आशयाच्या त्यांच्या लेखनाने महाराष्ट्रात वादळ उठवले होते. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या चळवळीच्या पाठीशी ते उभे राहिले. सामाजिक कार्यकर्त्यांच्या निर्वाहासाठी 'सामाजिक कृतज्ञता निधी' उभा करण्यात त्यांचा पुढाकार होता. त्यासाठी आचार्य अत्रे यांच्या 'लग्नाची बेडी' या हलक्याफुलक्या नाटकाचे प्रयोग निळू फुल्यांसह अनेक नामवंतांना घेऊन करण्यात आले. गंभीर कार्यासाठी विनोदी नाटक निवडण्यात व्यवहारज्ञान होते.

अशा माणसाने राजदत्त यांच्या 'देवकीनंदन गोपाला' (१९७७) या चित्रपटात संत गाडगेबाबांची भूमिका केली, ही गोष्ट विद्यार्थ्यांना विसंगत वाटते. नीट पाहिल्यास ती तशी नाही. गाडगेबाबा कीर्तनात प्रश्न विचारून श्रोत्यांनाच उत्तर द्यायला लावत. देव दगडात नाही, भुकेल्याला अन्न द्या, मुलांना शाळेत घाला, हे त्यांचे सांगणे होते. निरीश्वरवादी नटाला या संताच्या हातातील खराटा परका वाटण्याचे कारण नव्हते. प्रश्न विचारण्याची हीच पद्धत आपल्याला 'सामना'तील मास्तराजवळ दिसते आणि मकरंद साठे लिखित, अतुल पेठे दिग्दर्शित 'सूर्य पाहिलेला माणूस' या नाटकातील सॉक्रेटिसाजवळही. सॉक्रेटिसाची ही भूमिका डॉ. लागू यांनी सत्तरी ओलांडल्यावर केली.

दिग्दर्शक म्हणूनही त्यांनी सोपी वाट धरली नाही. तेंडुलकरांचे 'गिधाडे' हे कुटुंबातील हिंसा नागडेपणाने दाखवणारे नाटक त्यांनी १९७० मध्ये रंगमंचावर आणले, तेव्हा परिनिरीक्षण मंडळाशी झगडावे लागले. गो. पु. देशपांडे यांच्या 'उद्ध्वस्त धर्मशाळा'मध्ये डाव्या विचारांच्या प्राध्यापकाची विद्यापीठाच्या समितीपुढे चौकशी होते. नाट्यमय घटना जवळजवळ नाहीत, केवळ चर्चा आहे. असे नाटक व्यवसायात चालत नाही. 'नटसम्राट' आणि 'हिमालयाची सावली' यांनी ज्यांना लोकप्रियता दिली, त्या नटाने ते केले, म्हणून ते पाहिले तरी गेले.

उतारवयात शिरीष आठवले यांच्या 'मित्र' या नाटकात त्यांनी अर्धांगवायूने खिळलेला, जातीचा ताठा न सुटलेला वृद्ध रंगवला. त्याची शुश्रूषा करणारी परिचारिका दलित आहे. ज्या नटाची ओळख वाणीवर उभी होती, त्याने येथे वाणी आणि अर्धे शरीर गमावलेला माणूस केला. बेलवलकर आणि 'मित्र'मधील दादासाहेब या दोन म्हाताऱ्यांची तुलना करून पाहण्यासारखी आहे : पहिल्याला जग नाकारते, दुसरा स्वतःच जगाचा मोठा भाग नाकारत आलेला असतो.

'लमाण' या शब्दाविषयी

लमाण म्हणजे बैलांच्या पाठीवर माल लादून एका मुलखातून दुसऱ्या मुलखात पोहोचवणारा. माल त्याचा नसतो. वाट आणि वाहण्याचे कष्ट त्याचे असतात. आपल्या आत्मचरित्राला हे नाव देऊन डॉ. लागू यांनी नटाचे स्थान नाटककार आणि प्रेक्षक यांच्या मधल्या वाटेवर निश्चित केले. आपण मात्र हे रूपक तपासून स्वीकारावे. मीठ वाहून नेल्याने मिठाची चव बदलत नाही. 'नटसम्राट' बदलते, हे आपण वर पाहिले. नट नम्रतेने स्वतःला वाहक म्हणवतो, तेव्हा अभ्यासकाने तो शब्द जसाच्या तसा निष्कर्ष म्हणून उतरवून घेऊ नये. आत्मचरित्र हे साधन आहे, निकाल नव्हे. त्यातील प्रयोगांच्या तपशिलांना संहिता, समकालीन परीक्षणे आणि उपलब्ध चित्रपट यांच्याशी ताडून पाहावे लागते.

डॉ. लागू यांचे १७ डिसेंबर २०१९ रोजी पुण्यात निधन झाले. त्यांचा मुलगा तन्वीर अकाली गेला होता. त्याच्या स्मरणार्थ डॉ. लागू आणि अभिनेत्री दीपा श्रीराम यांनी रूपवेध प्रतिष्ठानतर्फे नाट्यकर्मींसाठी 'तन्वीर सन्मान' सुरू केला. पुण्यात हिराबागेजवळ 'श्रीराम लागू रंग-अवकाश' या नावाने प्रयोगशील नाटकांसाठी लहान नाट्यगृह उभे राहिले आहे. जवळपास राहणाऱ्या विद्यार्थ्यांनी तेथे एखादा प्रयोग अवश्य पाहावा.

स्वाध्याय

'सामना' हा चित्रपट मिळवून पाहा. हिंदुराव आणि मास्तर समोरासमोर असलेले एक दृश्य निवडा. प्रथम आवाज बंद करून केवळ हालचाली, नजर, उभे राहण्याची पद्धत टिपा. मग चित्राकडे न पाहता केवळ संवाद ऐका. दोन्ही नोंदी शेजारी ठेवून, त्या दृश्यातील सत्ता कोणाकडून कोणाकडे सरकते आणि ती कोणत्या क्षणी सरकते, याविषयी ३०० शब्दांत टिपण लिहा.